एजबार डॉक्टर

उंब्रजला महामार्गाच्या सर्व्हिस रोडला लागून एक जुना दवाखाना आहे. पाटीवर डॉक्टरांच्या नावापुढे एमबीबीएस, आणि त्यापुढे चार बोटं जागा मोकळी. पाटी रंगवणाऱ्या पेंटरनं तेव्हा विचारलं होतं, "हितं काय लिवू?" डॉक्टर म्हणाले, "राहू दे. एमडी यायचंय." त्या पेंटरची पोरं आता फ्लेक्स छापतात.

डॉक्टरांच्या हाताला गुण आहे, यात वाद नाही. पालच्या यात्रेतून डोळ्यांत भंडारा घेऊन आलेला, ऊसतोडीत कोयता लागलेला, चाफळहून नारळाचं खोबरं जास्त खाऊन परतलेला, सगळे इथंच येतात आणि बरे होऊन जातात. फक्त "सायेब, कराडला मोठ्या डाक्टरला दाखवू का?" एवढं विचारू नये. डॉक्टर चष्मा काढतात, तो पुसतात आणि म्हणतात, "मोठा मीच होणार होतो. एजबार झालो."

हे वाक्य आमच्याकडं बिनतोड चालतं. घरटी एक पोरगा एमपीएससीत एजबार झालेला असल्यामुळं पुढचं कुणी विचारत नाही. उलट एखादी म्हातारी "आगं बया, डाक्टरलाबी?" म्हणून हळहळते आणि औषधाचे पैसे रोख देते.

साठीला टेकलेले डॉक्टर वयोमर्यादेच्या कोर्टकचेऱ्या नाडीसारख्या बघतात. जानेवारी २०१८ मध्ये मेडिकल कौन्सिलच्या नियमांत दुरुस्ती झाली आणि नीटला खुल्या गटासाठी २५, राखीव गटासाठी ३० वर्षांची कमाल मर्यादा आली. उमेदवार कोर्टात गेले. डॉक्टर पारावर बसून म्हणाले, "घोर अन्याय! शिकायला वय असतं का?" आणि शनिवारी समर्थांच्या अकरा मारुतींपैकी आमच्या मारुतीला तेल घालताना भलतंच पुटपुटले. ते काय, हे त्या मे महिन्यात कळलं. दिल्ली उच्च न्यायालयानं मर्यादा वैध ठरवली, त्या दिवशी कंपाउंडरला पेढा मिळाला.

नोव्हेंबरात सर्वोच्च न्यायालयानं पंचविशीपुढच्यांना २०१९ च्या परीक्षेला बसू दिलं. डॉक्टरांचा चेहरा पडला. पण ती परवानगी अंतिम निकालाच्या अधीन होती, आणि त्या 'अधीन'वर डॉक्टरांनी बरेच दिवस काढले. पुढं २०२० च्या डिसेंबरात ओडिशात स्टेट बँकेतून निवृत्त झालेले ६४ वर्षांचे गृहस्थ बुर्लाच्या मेडिकल कॉलेजात एमबीबीएसला दाखल झाले. कंपाउंडरनं ती बातमी मोठ्यानं वाचली. डॉक्टरांनी बीपीचा पट्टा स्वतःच्या दंडाला गुंडाळला.

मार्च २०२२ मध्ये तर राष्ट्रीय वैद्यक आयोगानं पत्र काढून कळवलं, की नीट-यूजीला कमाल वयाची अट राहणार नाही. डॉक्टर शांतपणे म्हणाले, "ते यूजीचं. पीजीचं वेगळं असतं."

वेगळं होतंच. एका पावसाळी दुपारी कंपनीचा नवा एमआर सॅम्पलच्या गोळ्या मांडता मांडता बोलून गेला, "सर, पीजीला कमाल वय नाहीच. एमबीबीएस, नोंदणी आणि इंटर्नशिप झालेली असली की बास." त्यानं मोबाईलवर माहितीपत्रक उघडून दाखवलं. डॉक्टरांनी ते वरून खाली वाचलं, मग खालून वर. कौन्सिलनं जी मर्यादा घातली, कोर्टांनी एवढी वर्षं लोंबकळत ठेवली, आयोगानं उचलली, ती यांच्या वाटेत कधी आलीच नव्हती.

एमआरला त्या महिन्यात ऑर्डर मिळाली नाही.

आतून वहिनींचा आवाज आला, "मग भरा की फॉर्म!" त्यानंतर डॉक्टर दुसरी अडचण शोधायला लागले. सेवेतल्या डॉक्टरांचा राखीव कोटा? तो सरकारी नोकरीवाल्यांचा, तिथं नाकारलं जाण्याचीसुद्धा सोय नाही. तीन वर्षं रात्रपाळ्या? गुडघे दुखतात खरे, पण गुडघ्यांवर निकाल कोण देणार? माणसाला अडवणारा नियम राजपत्रात छापलेला असला की बरं असतं, दाखवता येतो.

शेवटी त्यांनी कराडचे वकील गाठले. पूर्वी "हायकोर्ट म्हणजे मुंबईची वारी" म्हणून सुटता यायचं. ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालंय आणि सातारा जिल्हा त्याच्याच हद्दीत येतो. रस्त्याची कामं सोडली तर आडवं यायला काही उरलेलं नाही.

"वयाची अट काढायची याचिका ना?" वकिलांनी विचारलं.

"काढायची नाही. घालायची."

वकिलांनी पेन खाली ठेवलं. "डॉक्टर, अट नसल्यानं तुमचं नुकसान काय झालं, ते कोर्टाला दाखवावं लागेल."

"लोकांना सांगू काय मी आता?"

"बरं. याचिकाकर्ते तुम्ही. प्रतिवादी कोणाला करायचं? आयोगाला, का परीक्षा मंडळाला?"

"मंडळींना," डॉक्टर म्हणाले. "फॉर्म तिनंच भरलाय. साडेतीन हजार गेलेत आणि वाया जाऊ देणार नाही म्हणते."