बूट आणि कान

परवा भाचीच्या लग्नात लाजाहोम चालला होता. कानपिळीसाठी भटजींनी मुलीच्या भावाला हाक मारली, तर स्वारी जागेवर नाही. शोधता शोधता सापडली रुखवताच्या टेबलाखाली, नवरदेवाचे बूट पोटाशी धरून.

"अरे, कान पिळायला चल!"

"कुणाचा?"

"नवऱ्याचा. बहिणीला नीट सांभाळ, अशी तंबी असते ती."

"मिळतं काय, मामा?"

"पूर्वी कापड मिळायचं."

त्यानं बूट आणखी घट्ट धरले. बुटांचा भाव एकवीस हजारांवर गेला होता, आणि करवल्या फोनवर क्यूआर कोड उघडून तयार होत्या.

मी बहिणीला म्हटलं, "अगं, हे बूट पळवणं आपल्यातलं नाही."

"काहीतरीच! आपल्याकडे पहिल्यापासून आहे."

पहिल्यापासून म्हणजे ऑगस्ट १९९४ पासून. त्या महिन्यात 'हम आपके हैं कौन' लागला आणि सूरज बडजात्यांनी तीन तासांहून अधिक वेळ, चौदा गाण्यांसह, साऱ्या देशाला लग्नाचं जेवण घातलं. गंमत बघा, त्यात नवरी रेणुका शहाणे, बूट लपवणारी करवली माधुरी दीक्षित, नवरीची आई रीमा लागू, घरातला गडी लक्ष्मीकांत बेर्डे. एवढी आपली माणसं मांडवात, पण नवऱ्याचा कान पिळायचं एकाला सुचलं नाही! सुचलं असतं, तर आज लुधियानात कान पिळले जात असते आणि आपण निदान चपला घालून घरी गेलो असतो.

पुढे संगीत आलं, मेंदीला स्वतंत्र दिवस मिळाला. २०१६ पासून तर 'सैराट'च्या गाण्याशिवाय वरातीतलं घोडं पाऊल उचलत नाही. (घोड्याला विचारलंय कुणी? असो.)

हे सगळं मी पंगतीत जरा चढ्या आवाजात सांगत होतो. बायको जिलबी वाढून घेत शांतपणे म्हणाली, "आपलं लग्न पंच्याण्णवचं. तुम्ही दर पाच मिनिटांनी मागे वळून बूट बघत होतात."

"नवे होते म्हणून."

"माझ्या बहिणींना ठाऊकच नव्हतं काही. शेवटी तुम्हीच ते पायानं खुर्चीखाली सारलेत आणि धाकटीला म्हणालात, बूट कुठे दिसत नाहीत गं!"

"मग?"

"मग काय! तिनं बिचारीनं शोधून आणून दिले."