मालगुजाराच्या गावाची सहल

ऑस्ट्रेलियात मेंढ्या कातरण्याची जुनी शेड बघायला लोक तिकीट काढतात आणि मैलोगणती धूळ खात जातात. आमच्या गोंदिया जिल्ह्यात धूळ फुकट आहे, तिकीट तेवढे बाकी आहे.

नवेगावबांधला जिप्सीतून पर्यटक येतात, वाघ दिसला नाही म्हणून रुसून परततात. अठराव्या शतकात कोलू पाटील कोहळींनी बांधलेला तलाव समोरच असतो. पण त्याला पट्टे नाहीत, तो डरकाळीही फोडत नाही. 1951 मध्ये मालगुजारी, म्हणजे इथली जमीनदारी, गेली, मालगुजारांचे तलाव सरकारजमा झाले आणि गाळ तेवढा लोकशाही पद्धतीने सगळ्यांच्या वाट्याला आला.

राज्याने 2020 मध्ये कृषी पर्यटनाचे धोरणही आणले. म्हणजे पैसे मोजून भाताच्या रोवणीच्या चिखलात उतरणारा तो पाहुणा. मजुरी घेऊन दिवसभर वाकणारी बाई मात्र नुसतीच मजूर.

तेव्हा सहल काढाच. सकाळी तलावाची पाळ, दुपारी गाळ, संध्याकाळी कचेरीत दुरुस्तीचा प्रस्ताव. जिल्ह्यातली सर्वांत उत्तम जतन केलेली पुरातन वस्तू म्हणून गाइडने तोच दाखवावा. हात लावू नये, अशी पाटी लावायची गरज नाही. तो नियम आधीपासूनच पाळला जातो.