‘हे आमच्याकडे येत नाही’

खिडकीपलीकडचा माणूस अर्ज वाचत नाही. विषयाची ओळ बघतो, कागद फिरवून परत आपल्याकडे सरकवतो आणि म्हणतो, ‘हे आमच्याकडे येत नाही.’ मग कुणाकडे येतं, हे तो सांगत नाही. फार आग्रह धरला तर ‘वर विचारा’ म्हणतो. वरचा माणूस खाली पाठवतो. अर्ज देणाऱ्याने सकाळची रजा टाकलेली असते किंवा दिवसाची मजुरी बुडवलेली असते. त्या खाड्याची नोंद कुठल्याच रजिस्टरमध्ये होत नाही.

साधं उदाहरण घ्या. सोसायटीच्या दारात रस्त्यावर पाणी वाहतंय. दार उघडणाऱ्या बाईला पाणी दिसतं. महापालिकेला मात्र तिथे तीन खाती दिसतात. पिण्याची लाइन फुटली असेल तर पाणीपुरवठा, मैला असेल तर ड्रेनेज, पावसाळी गटार तुंबलं असेल तर आणखी वेगळा विभाग. शिवाय खोदायचं म्हटलं की रस्ता पथ विभागाचा. पाणीपुरवठ्याचा माणूस वास घेऊन म्हणतो, ड्रेनेजचं आहे. ड्रेनेजवाला म्हणतो, स्वच्छ दिसतंय, पाण्याची लाइन बघा. ते पाणी नळाचं आहे का, हे बघायची सोपी चाचणी पाणीखात्याच्या माणसांना ठाऊक असते. काचेच्या नळीत पाणी घ्यायचं, क्लोरिन तपासायच्या द्रावणाचे थेंब टाकायचे. पिवळी झाक आली की पाणी नळाचं. दोन मिनिटांचं काम. पण ती नळी घेऊन रस्त्यावर उतरायला आधी कुणीतरी ‘बघतो मी’ म्हणावं लागतं. तिथेच सगळं अडतं, आणि तोवर तेच पाणी पलीकडच्या घराच्या नळात शिरायला लागतं.

झाडाचंही तेच. फांदी विजेच्या तारेवर टेकली आहे. उद्यान विभाग म्हणतो, आधी वीज बंद करायला सांगा. वीज कंपनी म्हणते, फांदी तोडायची परवानगी आणा, कारण शहरातल्या झाडाला 1975 च्या कायद्याचं संरक्षण आहे आणि परवानगी वृक्ष प्राधिकरणाची लागते. दोघांचंही म्हणणं आपापल्या जागी बरोबर. मधल्या काळात वारा सुटतो, फांदी तारेसकट खाली येते आणि विषय अग्निशमन दलाचा होतो. तिथे निदान फोन उचलतात आणि माणसं येतात. म्हणजे काम व्हायला अपघात व्हावा लागला. याला कारभार म्हणायचं असेल तर म्हणा, मी म्हणणार नाही.

मुंबईत तर आपण कुठे राहतो यावर दिव्याचा मालक ठरतो. शहर भागात बेस्ट, उपनगरात बहुतेक ठिकाणी अदानी, काहींकडे टाटा, भांडुप-मुलुंडकडे महावितरण. रस्त्यांचीही वाटणी आहे. महापालिका, सार्वजनिक बांधकाम खातं, एमएमआरडीए, रस्ते विकास महामंडळ, बंदराची हद्द, रेल्वेची हद्द. पूर्व आणि पश्चिम द्रुतगती महामार्ग 2022 मध्ये एमएमआरडीएकडून महापालिकेकडे देण्याचा निर्णय झाला. त्याआधी तिथल्या खड्ड्याची तक्रार महापालिकेत नेणाऱ्याला दारातूनच परत पाठवत. खड्ड्यात पडणाऱ्याने पडण्याआधी हद्दीचा नकाशा बघून ठेवायचा, अशी अपेक्षा असते की काय?

खेड्यात निराळी तऱ्हा. जमिनीचा सातबारा तलाठ्याकडे, घराचा उतारा ग्रामपंचायतीत. ‘आठ अ’ म्हटलं तर तलाठ्याचा खाते-उतारा की ग्रामपंचायतीचा घरपट्टीचा उतारा, हे विचारून घ्यावं लागतं. मोजणी करायची तर भूमी अभिलेख, आणि ते कार्यालय तालुक्याच्या गावी. त्यात 2024 मध्ये तलाठ्याचा ग्राम महसूल अधिकारी झाला आणि ग्रामसेवकाचा ग्रामपंचायत अधिकारी. दोन्ही नावांत ‘ग्राम’ आणि दोन्हींत ‘अधिकारी’. आजीबाईंनी कुठल्या दारात जायचं, हे नावावरून आधी तरी कळत होतं. गावाबाहेरचा रस्ता कुणाचा, याची मात्र एक खूण आहे. मैलाच्या दगडाचा माथा पिवळा असेल तर राष्ट्रीय महामार्ग, हिरवा असेल तर राज्य मार्ग, नारिंगी असेल तर प्रधानमंत्री ग्रामसडक योजनेचा रस्ता. ही खूण लोकांना कुणी सांगत नाही. शाळेच्या पुस्तकात ती असायला हवी.

खाती वेगळी असण्याला माझी हरकत नाही. पाइप जोडणारा माणूस झाड छाटणार नाही, हे मान्य. 1992 च्या घटनादुरुस्त्यांनी नगरपालिकांसाठी 18 विषयांची यादी दिली आणि पंचायतींसाठी 29 विषयांची. एवढी कामं एका टेबलावर मावणार नाहीत. पण वाटणी ज्यांनी केली, ती पाठ असण्याची जबाबदारीही त्यांचीच. घरपट्टी भरताना माझ्याकडून पाणीपट्टी, वृक्षकर, रस्ताकर एकाच बिलात घेता. तेव्हा सगळी खाती एका खिडकीवर येतात. तक्रार घेऊन गेलो की वेगळी का होतात?

या गोंधळाचा त्रास सगळ्यांना सारखा होत नाही. ज्याच्या मोबाइलमध्ये नगरसेवकाचा नंबर आहे, त्याला विभाग शोधावा लागत नाही. ज्याच्या खिशात पैसे आहेत, तो कचेरीबाहेरच्या एजंटाला गाठतो. कुठला कागद कुठल्या टेबलावर जातो, एवढंच त्या एजंटाचं भांडवल. कचेरीच्या भिंतीवर लिहिलेली असायला हवी ती गोष्ट तो विकतो. उरतात ते धुणीभांडी करणाऱ्या बाया, रोजंदारीवरचे मजूर, एकटे राहणारे म्हातारे. जिने तेच चढतात.

आणि हे बदलता येत नाही असं कुणी सांगू नये. माहिती अधिकाराच्या कायद्यात 2005 सालापासून याची तरतूद आहे. कलम 6(3) वाचा. अर्जातला विषय दुसऱ्या प्राधिकरणाचा असेल तर ज्याच्याकडे अर्ज आला त्याने तो पाच दिवसांच्या आत तिकडे पाठवायचा आणि अर्जदाराला कळवायचं. दार शोधण्याचं काम नागरिकाच्या डोक्यावरून काढून कायद्याने ते अधिकाऱ्याच्या डोक्यावर ठेवलं. त्याच कायद्याचं कलम 4 सांगतं की कोणत्या अधिकाऱ्याची कर्तव्यं काय, हे कार्यालयाने मागायच्या आधीच जाहीर करायचं. मग माहिती मागणाऱ्याला जो न्याय, तो गटार तुंबलेल्याला का नाही? राज्याचा लोकसेवा हक्क कायदा 2015 चा. त्यात मुदती आहेत, अपिलं आहेत, चुकार अधिकाऱ्याला 500 ते 5,000 रुपये दंड आहे. पण तो अधिसूचित केलेल्या सेवांना लागू होतो, म्हणजे मुख्यतः दाखले, परवाने, जोडण्या. ‘अर्ज चुकीच्या खिडकीत आला तरी परत करायचा नाही’ हा एक नियम प्रत्येक महापालिकेने आणि जिल्हा परिषदेने स्वतःसाठी करावा. त्याला नवी इमारत लागत नाही, नवं अॅपही लागत नाही. अॅपमध्येसुद्धा शेवटी ‘विभाग निवडा’ असंच विचारतात, आणि चुकीचा निवडला की ‘संबंधित नाही’ असा शेरा मारून तक्रार बंद करतात. बंद झालेली तक्रार मग निकाली निघालेल्यांत धरली जाते. हा लबाडीचा हिशेब आहे आणि तो आधी थांबला पाहिजे.

तोवर आपण काय करायचं? तोंडी विचारत फिरू नका. अर्ज दोन प्रतींत लिहा. विभागाचं नाव ठाऊक नसेल तर शहरात आयुक्तांच्या किंवा मुख्याधिकाऱ्यांच्या नावे, गावात गटविकास अधिकाऱ्यांच्या नावे द्या आणि शेवटी एक ओळ घाला: ‘सदर विषय आपल्या विभागाचा नसल्यास अर्ज संबंधित विभागाकडे वर्ग करून मला लेखी कळवावे.’ आवक बारनिशीत नोंदवा, दुसऱ्या प्रतीवर शिक्का, तारीख आणि आवक क्रमांक घेतल्याशिवाय खिडकी सोडू नका. घेत नसतील तर स्पीड पोस्टाने पाठवा. महिन्यात काही हललं नाही तर दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावून माहिती अधिकारात एवढंच विचारा की माझा अर्ज आज कुणाच्या टेबलावर आहे आणि त्यावर काय शेरा आहे. अर्ज 150 शब्दांच्या आत ठेवा आणि एकाच विषयावर.

आणि पुढच्या वेळी कुणी ‘हे आमच्याकडे येत नाही’ म्हणालं, तर शांतपणे विचारा, ‘मग कुणाकडे येतं?’ जे उत्तर मिळेल ते त्याच अर्जावर सहीनिशी लिहून मागा.