मुंबई, बाहेरून

मुंबई हे एकोणीस अंश उत्तर अक्षांशावरचे, म्हणजे कर्कवृत्ताच्या बऱ्याच दक्षिणेला असलेले उष्णकटिबंधीय बेट आहे, ही गोष्ट शाळा सुटल्यावर फारशी कोणाला आठवत नाही. आणि या बेटाचे एका दिवसात खासगी दर्शन घडवणाऱ्या वाटाड्यांचा एक वर्ग डिलाईल रोडच्या चाळींत विनावेतन नांदत आला आहे, याची दखल पर्यटनावर लिहिणाऱ्यांनी घेतल्याचे दिसत नाही. या वर्गातील माणसाला येथे सोयीसाठी 'दर्शनकार' म्हटले आहे. दर्शनकार म्हणजे गावाहून आलेल्या पाहुण्यांना सकाळी सातला खोलीबाहेर काढून रात्री नऊला परत आणणारा, साठी उलटलेला, बहुधा गिरणीतून किंवा बेस्टमधून बाहेर पडलेला, आणि मुंबई आपल्याच देखरेखीखाली वाढली असे मनोमन मानणारा गृहस्थ होय. त्याला चाळीत भाऊ म्हणतात, गावाकडे मुंबईवाले भाऊ म्हणतात, आणि घरात वहिनी त्याला काहीच न म्हणता फक्त बघतात.

हा वर्ग डिलाईल रोडलाच का फोफावला, याचे कारण घरांच्या क्षेत्रफळात सापडते. कागदोपत्री या रस्त्याला कामगार चळवळीचे नेते नारायण मल्हार जोशी यांचे नाव असून, त्याच्या कडेला मुंबई विकास विभागाने, म्हणजे ज्याच्या इंग्रजी आद्याक्षरांवरून बीडीडी हे नाव रूढ झाले त्या सरकारी खात्याने, १९२०च्या दशकात बत्तीस चाळी उभारल्या. तळमजला अधिक तीन मजले, मजल्यावर वीस खोल्या आणि खोली १६० चौरस फुटांची. या १६० चौरस फुटांत घरची पाच माणसे असताना साताऱ्याकडून दाजी, आत्या, त्यांची सून आणि तीन पोरे आली की सर्वांना एकाच वेळी उभे राहण्यासही जागा उरत नाही, आणि मग वहिनी चहा गाळता गाळता सहज म्हणाव्यात तसे म्हणतात, "अहो, पाव्हण्यांना जरा मुंबई दाखवून आणा की." मुंबईदर्शनाच्या संस्थेचा उगम या वाक्यात आहे. आता याच चाळी पाडून ५०० चौरस फुटांची घरे देण्याचे काम म्हाडाकडे आहे. दोन खोल्या आणि स्वयंपाकघर झाल्यावर पाहुण्यांना बाहेर काढण्याची निकड राहील की नाही, हा प्रश्न अभ्यासकांनी वेळीच हाती घ्यायला हवा.

दर्शनासाठी दर्शनकार सोमवार निवडतो, आणि या निवडीत त्याची सारी विद्वत्ता एकवटलेली असते. घारापुरीची लेणी सोमवारी बंद असतात, नेहरू तारांगणही सोमवारी बंद असते. राणीची बाग मात्र बुधवारी बंद असते आणि सोमवारी उघडी. रविवारी गर्दी, मंगळवारी सिद्धिविनायकाला रांग, असे एकेक वार बाद करीत तो सोमवारावर येतो तेव्हा ऐकणाऱ्याला ही पाहुण्यांच्या सोयीची काळजी वाटते. प्रत्यक्षात त्यामागे एक सिद्धांत आहे : जे स्थळ बंद असते त्याचे तिकीट पडत नाही, आणि न नेल्याचा दोषही आपल्याकडे येत नाही. "आज बंद आहे, नाहीतर नेलंच असतं," हे वाक्य तो इतक्या हळहळीने उच्चारतो की उलट दाजीच त्याची समजूत घालू लागतात.

वाहन म्हणजे तिसऱ्या मजल्यावरच्या पुतण्याची सात आसनी गाडी. भाडे नाही, फक्त पेट्रोल, आणि तेही 'बघू मग'. दर्शनकार पुढे बसतो, डावा कोपर खिडकीबाहेर ठेवतो आणि मान मागे वळवून बोलतो. त्याचे बोलणे मधल्या रांगेपर्यंत स्वच्छ आणि मागच्या रांगेपर्यंत वाऱ्याने फाटून पोहोचत असल्यामुळे, मागे कोंबलेल्या पोरांना मुंबई अर्धीच कळते, आणि गावी गेल्यावर उरलेली अर्धी ती स्वतःच्या मनाने भरून काढतात. पुतण्या मोबाइलवरच्या नकाशाने चालतो, दर्शनकार बंद पडलेल्या चित्रपटगृहांवरून चालतो. "दीपक टॉकीजवरून घे" असा हुकूम सुटतो आणि मोबाइलमधली बाई वेगळेच काही सांगत राहते. या दोघांच्या भांडणात पुतण्या तिसऱ्याच रस्त्याला लागतो.

कोणत्याही सहलकंपनीच्या पत्रकात नसलेले पहिले प्रेक्षणीय स्थळ म्हणजे लोअर परळचा पूल. हा पूल २०१८च्या जुलैत धोकादायक म्हणून बंद झाला, पाडला गेला, आणि पुन्हा पुरता खुला व्हायला २०२३ साल उजाडले. या पाच वर्षांत करी रोडहून वरळीला जायला काय वळसा पडत होता, हे दर्शनकार वळणावळणाने सांगतो, आणि गाडी पूल ओलांडून गेली तरी वर्णन अजून पुलाच्या अलीकडेच असते. त्यानंतर गिरण्या येतात, म्हणजे येत नाहीत. श्रीनिवास मिलच्या जागेवरचे मनोरे बघताना मान दुखते, फिनिक्स मिलमध्ये मॉल आहे, कमला मिलमध्ये कचेऱ्या आणि खानावळींचे श्रीमंत अवतार आहेत, आणि आत्या "कुठाय गिरणी?" असे विचारतात तेव्हा दर्शनकार हाताने हवेत एक चौकोन काढून "ही काय" असे उत्तर देतो. १८ जानेवारी १९८२ला सुरू झालेला, अडीच लाखांच्या आसपास कामगारांना रस्त्यावर आणणारा संप हा या प्रवासातला एकच विषय असा आहे की ज्यावर तो विनोद करीत नाही. तेवढा पट्टा तो दोन वाक्यांत उरकतो आणि पुतण्याला गाडी जोरात घ्यायला सांगतो.

भायखळ्याची राणीची बाग, म्हणजे १८६२ साली खुले झालेले आणि आता वीरमाता जिजाबाई भोसले उद्यान म्हणवणारे प्राणिसंग्रहालय, हे तिकीट काढून आत नेण्याचे एकमेव स्थळ होय. पोरे पेंग्विनकडे धावतात. दर्शनकार मोठ्यांना भाऊ दाजी लाड संग्रहालयाच्या बाजूला, एका काळ्या पाषाणी हत्तीपुढे नेतो. हा हत्ती मूळचा घारापुरी बेटावरचा. पोर्तुगीजांनी त्याच्यावरूनच त्या बेटाला एलिफंटा म्हटले, आणि १८६४ साली इंग्रजांनी तो विलायतेला न्यायचे ठरवले तेव्हा उचलताना यारी, म्हणजे जड वस्तू उचलण्याचे यंत्र, मोडली आणि हत्तीचे तुकडे झाले. ते जोडून तो पुढे येथे उभा केला गेला. ही हकीकत दर्शनकाराला तोंडपाठ असण्याचे कारण तिचा उपयोग आहे. "बघितला ना हत्ती? मग झाली घारापुरी. तिथं आता हत्तीसुद्धा नाही," असे म्हणून तो लाँचचा एक तासाचा प्रवास, लेण्यांच्या पायऱ्या आणि सुमारे वीस फूट उंचीची त्रिमुखी सदाशिवमूर्ती एका फटक्यात निकालात काढतो. तो स्वतः घारापुरीला कधी गेलेला नाही, हे चाळीत सर्वांना ठाऊक आहे आणि कोणी बोलत नाही.

येथून पुढे दक्षिण मुंबईत त्याची मुख्य पद्धत सुरू होते, तिचे नाव 'बाहेरून'. व्हीटी बाहेरून, रिझर्व्ह बँक बाहेरून, मंत्रालय बाहेरून ("दाजी, हितनं सगळा महाराष्ट्र चालतो," आणि दाजींच्या चेहऱ्यावर आपला पाणंद रस्ता याच इमारतीत अडकला असल्याचे स्पष्ट उमटते), वानखेडे बाहेरून. ताजमहाल हॉटेल गेटवेला शोभावे म्हणून बांधले, असे तो छातीठोकपणे सांगतो. वास्तविक हॉटेल १९०३चे आणि गेटवेचे उद्घाटन ४ डिसेंबर १९२४चे, तेव्हा शोभायचे असेल तर ते गेटवेने. पाचवा जॉर्ज १९११मध्ये उतरला तो या कमानीतून, हेही त्याचे ठाम मत, जरी कमानीची पायाभरणीच १९१३मध्ये झाली. इतिहासकाराला या गोष्टी खटकतात. पाहुण्यांना खटकत नाहीत, कारण त्यांचे सारे लक्ष गळ्यात कॅमेरा अडकवलेल्या छायाचित्रकाराकडे असते. तो सुनेला हात वर करायला लावतो, बोटांची चिमूट ताजच्या घुमटावर बरोबर बसेपर्यंत "थोडा लेफ्ट, मॅडम" करीत राहतो, आणि दर्शनकार बाजूला उभा राहून प्रतींचा भाव पाडतो. देवळांना मात्र 'बाहेरून' हा नियम लागू नाही, कारण तेथे आत जायला पैसे पडत नाहीत.

जेवण मलबार हिलवर, म्हातारीच्या बुटाजवळच्या बाकांवर. वहिनींनी पहाटे चारला उठून बांधलेल्या चपात्या, बटाट्याची सुकी भाजी, शेंगदाण्याची चटणी आणि थंड पेयाच्या जुन्या बाटलीतले पाणी. याच वेळी धाकटा पोरगा, ज्याची भूगोलाची परीक्षा नुकतीच झालेली असते, "मामा, मुंबई बेट आहे तर चारी बाजूंचं पाणी कुठाय?" असे विचारतो. दर्शनकार घास गिळून सांगतो की बेटे सात होती, मधली खाडी बुजवली. एवढे खरे आहे. वरळीचा बांध अठराव्या शतकात घातला गेला आणि परळ-वरळीमधली सखल जमीन त्यानंतर कोरडी होत गेली, म्हणजे दर्शनकार राहतो तो डिलाईल रोड हाच मुळात या भरावाच्या कडेचा, आणि जुलैच्या पावसात त्याला ही वंशावळ आठवतेही. १६६८मध्ये इंग्लंडच्या राजाने हे बेट ईस्ट इंडिया कंपनीला वर्षाला दहा पौंड भाड्याने दिले, हा त्याचा सर्वांत आवडता ऐतिहासिक तपशील. भाडेकरू या नात्याने तो कंपनीकडे शत्रू म्हणून न बघता, पागडीशिवाय जागा मिळवलेला एक हुशार माणूस म्हणून बघतो.

दुपारनंतर 'भरती' हा शब्द कामाला येतो. हाजी अलीची पायवाट भरतीच्या वेळी पाण्याखाली जाते हे खरे, परंतु दर्शनकाराच्या सोमवारी भरती दिवसभर टिकते. सागरी सेतू दादर चौपाटीवरून दाखवला जातो, कारण सेतूवर टोल आहे आणि "वर गेल्यावर पूल दिसतच नाही, पाणीच दिसतं." सूनबाई शेवटी धीर करून शाहरुखच्या बंगल्याचे विचारतात. त्यावर दर्शनकार गंभीर होतो. माहीमच्या खाडीपाशी मुंबई संपते, पलीकडे साष्टी, म्हणजे वेगळे बेट आणि आता वेगळा जिल्हा. मुंबई दाखवायचे कबूल केले आहे, उपनगर नव्हे. भूगोलाचा इतका चोख आधार घेऊन पेट्रोल वाचवणारा माणूस अन्य शहरांत आढळणे कठीण.

दर्शनकाराचा पाहुणचार बिनपरतफेडीचा नसतो. मे महिन्यात तो सहकुटुंब दाजींच्या गावी, पाटण तालुक्यात, जातो आणि दाजी त्याला जीप करून कोयना धरण दाखवायला नेतात. धरणावर आत जायला परवानगी लागते. नेहरू उद्यानातून, लांबून, दाजी बोट दाखवतात : "हे बघा भाऊ, कोयना. हितनं तुमच्या अख्ख्या महाराष्ट्राला लाईट." परतीच्या वाटेवर दर्शनकार गप्प असतो, आणि रात्री अंगणात अंथरुणे पडल्यावर वहिनींना हळूच म्हणतो, "एवढ्या लांबवर नेलं आणि आत काय नेलं नाही."