चौथाई आणि विसावा

जयपूरला मानसरोवरात भाच्याकडे चार दिवस राहून आलो. त्याने पंचावन्न इंची फोर-के टीव्ही घेतलाय. "मामा, 83 लाख ठिपके आहेत!" सासऱ्यांची बागायत सांगावी तशा थाटात म्हणाला. मी मोजायला बसलो नाही, कारण मॅच सुरू झाली होती.

बोलर अजून चेंडू पँटला घासतोय, तोच शेजारून आरोळी आली, "छक्का!" शेजारी गच्चीवरच्या जुन्या डिशवर बघतात. पुढचं अर्धं मिनिट आम्ही कुंडली कळलेल्या ज्योतिषासारखे गप्प बसलो, आणि मग आमच्याकडेही षटकार बसला. भाचा समजावू लागला : चित्राचे काही सेकंदांचे तुकडे पाडतात, प्रत्येक तुकडा जाड-बारीक असा चार तऱ्हेने दळतात, वाटेतल्या सर्व्हरवर ठेवतात, आणि दोन-चार तुकडे साठल्याशिवाय टीव्ही पहिला वाढत नाही. म्हणजे लाइव्ह म्हणतात ते डब्यातलं.

सकाळीच जंतरमंतर पाहिलं होतं. सवाई जयसिंगाचं सम्राट यंत्र, सत्तावीस मीटर उंच, नुसत्या सावलीवरून दोन सेकंदांपर्यंत नेमकी वेळ सांगतं. दगड, चुना आणि ऊन. पासवर्ड विचारत नाही.

रात्री नऊला अख्खी कॉलनी नेटवर आली आणि खेळाडू चौकोनी झाले. नेट दमलं की यंत्रणा आपणहून 480 वर उतरते. त्यात ठिपके जेमतेम चार लाख. 83 लाखांचा विसावा हिस्सा! चित्राने विसावा घेतला तो असा.

एके काळी शिंदे-होळकर चौथाई-खंडणीच्या तगाद्याला जयपूरच्या दारात उभे असत. चौथाई भरली की लूट टळते, एवढा तरी करार असे. आता दरमहा चौथाई मोबाइलवरून परस्पर कापली जाते, फोर-केची सरदेशमुखी वेगळी, आणि वर जाहिरातींचे घोडेस्वार चालू ओव्हरमध्ये घुसतात.

"निदान चालू तरी आहे, मामा," भाचेसून म्हणाली. 26 सप्टेंबर 2021 ला शिक्षक पात्रतेची 'रीट' परीक्षा होती. कॉपी होऊ नये म्हणून जयपूरसकट कित्येक जिल्ह्यांत मोबाइल इंटरनेटच बंद ठेवलं. तरी बिकानेरकडे ब्लूटूथ बसवलेल्या चपला सापडल्याच. बातमीत एका जोडाचा भाव सहा लाख होता. त्या दिवशी राजस्थानातलं सगळ्यात भारी तंत्रज्ञान पायात होतं म्हणायचं. आणि आम्ही भिंतीवर टांगतो!

शेवटच्या ओव्हरला सहा चेंडूंत अकरा हवे होते. पडद्यावर मधोमध गोल फिरू लागला. भाच्याने रिमोट उचलून आवाज बंद केला, गॅलरीचं दार सताड उघडलं आणि शेजाऱ्यांच्या भिंतीकडे कान करून बसला.