सगळं महाराजांचंच

बडोद्याजवळच्या वाघोडियाच्या जीआयडीसीत मराठी माणसाने नोकरी करण्याचा एक तोटा आहे. आडनाव काही का असेना, गुजराती सहकारी तुम्हाला गायकवाड सरकारांचे लांबचे नातलगच समजतात. लक्ष्मीविलास पॅलेसच्या तिकिटाचा जाब आम्हाला, पॅलेसच्या गरब्याच्या पासची विचारणा आमच्याकडे. त्यामुळे नवीन मशीन बसवायला आलेल्या जपानी इंजिनिअरने रविवारी ‘जुनं शहर’ पाहायची इच्छा व्यक्त केली, तेव्हा साहेबांची नजर सेल्स, परचेस, एचआर ओलांडून थेट अकाउंट्समध्ये माझ्यावर येऊन थांबली. “बेन, ए तो तमारुं ज गाम कहेवाय ने!”

बिचाऱ्या पाहुण्याने तोवर बडोद्यातलं काय पाहिलं होतं? वाघोडिया चोकडी, हायवे, आणि हॉटेलच्या खिडकीतून दिसणारे ट्रक. तो मूळचा क्योतोचा. गिओन नावाच्या जुन्या मोहल्ल्याजवळ त्याचं घर. तिथे लाकडी घरांच्या गल्ल्यांतून गाईड हातात झेंडा धरून पुढे चालतो आणि पर्यटक मागून चालतात, मुकाट. बडोद्यातही असंच काही असेल अशी त्याची समजूत असावी. ती काढून टाकण्याचं काम दैवाने माझ्याकडे दिलं.

गाईड मी रीतसर ठरवली होती. आर्किटेक्चर शिकणारी मुलगी, डोक्यावर टोपी, कमरेला छोटा स्पीकर, सनावळी तोंडपाठ. पण सकाळी सातला घरातून निघताना पाहते, तर आमचे सासरे, नाना, पायात बूट घालून, इस्त्रीचा शर्ट घालून सोफ्यावर तयार. “सूनबाई, परका माणूस येणार. त्याला शहर कोण दाखवणार?” गाईड आहे, असं मी म्हटलं. नानांनी ते ऐकलं, पण मनावर घेतलं नाही.

नानांचा इतिहास सुटसुटीत आहे. बडोद्यात जे जे उभं दिसतं, ते ते सयाजीराव महाराजांनी बांधलं. जे दिसत नाही, ते महाराज असते तर दिसलं असतं. या दोन वाक्यांवर त्यांनी उभं आयुष्य काढलंय आणि आजवर त्यांचं कुठे अडलेलं नाही.

सुरुवात न्यायमंदिरापासून झाली. गाईडने स्पीकर लावून सांगितलं की ही इमारत 1896 सालची. नाना म्हणाले, “महाराजांनी बांधली.” पहिला चेंडू आणि चौकार. नानांची सगळी नोकरी याच इमारतीत गेली. 2018 मध्ये कोर्ट इथून दिवाळीपुऱ्याच्या नव्या इमारतीत गेलं, पण नानांच्या हिशेबी ते तहकूब आहे, पुढची तारीख पडली की परत येईल. पाहुण्याने मान वर करून कमानी पाहिल्या, वहीत काहीतरी लिहिलं आणि शेजारी इंग्रजी ‘एस’ काढला. एस म्हणजे सयाजीराव, हे त्याने नंतर मला दाखवलं.

लहेरीपुरा दरवाज्यात नानांची पहिली विकेट जाते की काय, असं वाटलं. गाईड म्हणाली की लहेरीपुरा, पाणीगेट, चांपानेर दरवाजा आणि गेंडीगेट, या चार दरवाज्यांचं हे कोटातलं गाव सोळाव्या शतकातलं, गुजरातच्या सुलतानांच्या काळातलं. म्हणजे गायकवाडांची घोडी अजून गुजरातेत आलेलीसुद्धा नव्हती. नानांनी दरवाज्याकडे एक डोळा बारीक करून पाहिलं. “दुरुस्ती कुणी केली असेल?” गाईडने तोंड उघडायच्या आत त्यांनीच उत्तर दिलं. पाहुण्याने ‘एस’ काढला, पुढे प्रश्नचिन्ह. शिस्तीचा माणूस.

मग मांडवीकडे जाणारा रस्ता. आमची पदयात्रा ही पदयात्रा राहिली नाही, नुसती यात्रा झाली. अर्धा रस्ता दुकानांच्या पायऱ्यांनी खाल्लेला, उरलेल्या अर्ध्यावर रिक्षा, ऍक्टिवा, एक गाय आणि आम्ही. गाईडच्या स्पीकरमधून फक्त ‘मुघल’ एवढं ऐकू आलं आणि लगेच तीन हॉर्न. पाहुण्याने मला सांगितलं, की गिओनमध्ये पर्यटकांचा इतका उच्छाद झाला की 2024 पासून तिथल्या खासगी गल्ल्यांत शिरायला बंदी आहे. शिरलात तर दहा हजार येन दंड, तशी पाटीच लावली आहे.

नानांनी हिशेब विचारला. पाच-सहा हजार रुपये होतात म्हटल्यावर ते रस्त्यात उभेच राहिले. मागच्या रिक्षावाल्यानेही नाइलाजाने उभं राहून घेतलं.

“गल्लीत शिरल्याचा दंड?” नाना म्हणाले. “आमच्याकडे शिरला नाहीत तर लोक रागावतील.”

आणि हे अक्षरशः खरं ठरलं. गाईडने आम्हाला एका पोळीत, म्हणजे जुन्या वस्तीच्या गल्लीत, नेलं, घरांच्या लाकडी तुळया आणि कोरलेल्या कंसांची माहिती द्यायला. ओट्यावर मेथी निवडत बसलेल्या एका बाने तिचं वाक्य अर्ध्यातच पकडलं. “आवो ने, चा पीने जाव.” पाहुणा घाबरून मागे सरकला. दंड किती, असं त्याच्या चेहऱ्यावर स्पष्ट दिसत होतं. पाच मिनिटांत तो आत झोपाळ्यावर बसला होता, हातात बशी, आणि चार घरची माणसं त्याला पाहत होती. टूर नक्की कोणाची चाललीय, हे सांगणं कठीण होतं. बाने विचारलं, लग्न झालंय का. झालंय. मुलं? एक. एकच? का? मी हे इंग्रजीत जमेल तेवढं गाळून सांगितलं. मग त्याला थेट स्वयंपाकघरापर्यंत घर दाखवण्यात आलं. तोंडाशी अरुंद, आत लांबच लांब. तो एकदम खुलला. त्यांच्याकडची जुनी घरंही अशीच, रस्त्यावर वीतभर आणि आत बोगदा. तिथे असं घर पाहायला तिकीट लागतं, म्हणाला. बाने त्यावर आणखी अर्धा कप चहा ओतला.

मांडवी ही मधोमध उभी चौकोनी इमारत, चारही बाजूंना तीन-तीन कमानी, आणि तिच्याभोवती सगळं गाव फिरतं. हीसुद्धा गायकवाडांच्या आधीची. नाना आता सावध झाले होते. “बांधली कुणीही असेल,” ते म्हणाले, “टिकवली कुणी?” पाहुण्याने न विचारता ‘एस’ काढला. जवळच विठ्ठलमंदिर आहे, तिथली पालखी कार्तिकी एकादशीला अजून वाजतगाजत निघते. नानांनी पाहुण्याला पंढरपूरपासून सगळं सांगितलं. पाहुण्याला त्यातलं काय कळलं, विठ्ठल जाणे. पण हात जोडले त्याने, आणि नानांच्या लेखी तो त्या क्षणी घरचा झाला.

सेंट्रल लायब्ररीपाशी मात्र नानांना आणि गाईडला एकाच वेळी बोलायचं होतं आणि दोघंही खरं बोलत होती. महाराजांनी 1910 मध्ये अमेरिकेहून विल्यम बॉर्डन नावाचा ग्रंथपाल आणला आणि राज्यभर, खेड्यापाड्यांत वाचनालयं उघडली. 1906 पासून राज्यात प्राथमिक शिक्षण सक्तीचं. पोरगं शाळेत गेलं नाही तर बापाला दंड. “हे तुमच्या दंडापेक्षा बरं की नाही?” नानांनी पाहुण्याला विचारलं. तो हसला. मग गाईडने पुस्ती जोडली, की त्याच 1910 च्या प्रवासात महाराज जपानलाही गेले होते. ही तिने आपल्या हाताने आपल्या पायावर मारलेली कुऱ्हाड. नाना पाहुण्याकडे वळले.

“पाहा. क्योतोतही काहीतरी बांधलं असेल.”

पुढचं भराभर उरकलं. सुरसागर, मधोमध शंभर फुटांहून उंच महादेव, हल्ली सोन्याचा मुलामा दिलेला. महादेव महाराजांच्या नंतरचा, म्हणून नानांनी त्याच्याकडे फारसं लक्ष दिलं नाही. संगीत विद्यालय, 1886, मौलाबक्ष, एस. खंडेराव मार्केट, राजवाड्यासारखी इमारत, पुढे कॉर्पोरेशनच्या फायली आणि मागे भाजी, एस. दांडिया बाजारात अरविंद घोष राहिले ते घर. पाँडिचेरीचे अरविंदबाबू 1893 ते 1906 बडोदा सरकारच्या नोकरीत होते, तेव्हा एस. मध्ये एकदा भाकरवडी खाल्ली. पाहुण्याने ती आडवी धरून गुंडाळीचे पदर मोजले आणि म्हणाला, आमच्याकडेही गुंडाळून कापतात, पण आत मासा असतो. नानांनी उरलेली भाकरवडी हळूच खिशात घातली.

आणि मग रावपुऱ्यातला तांबेकर वाडा. मला स्वतःला बडोद्यात काही दाखवायचं असेल तर हेच. राजवाडा सगळे पाहतात, हा वाडा रावपुऱ्यात रोज येणाऱ्यांनासुद्धा ठाऊक नसतो. बाहेरून साधा, जीपीओजवळच्या गल्लीत अंग चोरून उभा. भाऊ तांबेकर हे 1849 ते 1854 बडोद्याचे दिवाण, त्यांचं हे घर. आता पुरातत्त्व खात्याकडे. अंधाऱ्या जिन्याने वर गेलं की भिंतीच्या भिंती चित्रांनी भरलेल्या. कृष्णलीला, महाभारत, इंग्रज-मराठ्यांची लढाई, आणि त्या सगळ्यांत निवांत बसलेल्या फ्रॉकवाल्या मडमा. चित्रकाराने गोपींना जेवढ्या आपुलकीने काढलंय, तेवढ्याच आपुलकीने मडमांनाही. फक्त मडमांचे चेहरे जरा मराठी झालेत.

गाईडने खणखणीत आवाजात तारखा सांगितल्या, मग नानांकडे पाहून सावकाश म्हणाली, “आणि सयाजीराव महाराजांचा जन्म 1863 चा. नाशिककडच्या कवळाण्याचा.”

शांतता. नाना चित्रातल्या मडमेकडे पाहत राहिले. मग म्हणाले, “दिवाण कुणाचे? गायकवाडांचेच ना?” सासऱ्यांपुढे टाळ्या वाजवायची आमच्यात पद्धत नाही, नाहीतर मी वाजवल्या असत्या.

पाहुणा या वादात नव्हताच. तो खाली उकिडवा बसून एका लाकडी खांबाचा पाया पाहत होता. खांब जमिनीत पुरलेला नव्हता, घडीव दगडावर नुसता उभा होता. त्याने खिशातून व्हिजिटिंग कार्ड काढलं, दगड आणि लाकूड यांच्या सांध्यात सरकवून पाहिलं. कोपरा तेवढा आत गेला. त्याने ते कार्ड आम्हाला दाखवलं, जणू वाडा त्याच्या आजोबांनीच बांधला होता. त्यांच्या देवळांचे खांबही असेच दगडावर उभे असतात, ओल चढू नये आणि लाकूड कुजू नये म्हणून. वहीत त्याने खांब काढला, दगड काढला, मापं लिहिली. ‘एस’ काढला नाही. नानांनी वाट पाहिली, पण नाही काढला.

शेवट सयाजीबागेत करायचा ठरला होता, नावामुळे नाना खूश. गाईड आम्हाला संकल्पभूमीवर घेऊन गेली. महाराजांनी 1913 मध्ये शिष्यवृत्ती देऊन आंबेडकरांना अमेरिकेत शिकायला पाठवलं. ते 1917 मध्ये बडोद्याला नोकरीला आले, आणि या शहरात त्यांना राहायला खोली मिळाली नाही. पारशी धर्मशाळेतून लोकांनी बाहेर काढलं. मग ते या बागेत, एका झाडाखाली बसले. तेव्हा या बागेला कामाठी बाग म्हणत. पाहुण्याने विचारलं, खोली कुणी नाकारली? गाईडने हाताने साधारण शहराच्या दिशेने दाखवलं. मांडवी, रावपुरा, दांडिया बाजार, आम्ही सकाळपासून फिरत होतो ते सगळंच त्यात आलं. पाहुण्याने पेन उघडलं आणि नानांकडे पाहिलं.

नानांनी महाराजांचं नाव घेतलं नाही. “ते लोकांचं काम,” म्हणाले, आणि बाकावर बसले. चांगलं ते महाराजांचं आणि उरलेलं लोकांचं, पण लोक म्हणजे कोण, हे आम्ही बडोदेकरांनी आजवर कधी एकमेकांना विचारलेलं नाही.

निघताना पाहुण्याने एकच चौकशी केली. हे सगळं आता सांभाळतं कोण? गाईड म्हणाली, वाड्याचं पुरातत्त्व खातं, मार्केटचं कॉर्पोरेशन. मी म्हटलं, पोळीचं ती मेथीवाली बा. नाना म्हणाले, “महाराज असते तर...” आणि रिक्षा आली.

तर मंडळी, वाघोडियाहून येणार असाल तर सकाळी सातच्या आत निघा, नंतर पाणीगेटला अडकाल. तांबेकर वाडा चुकवू नका. जिन्यात डोकं सांभाळा, मोबाईलचा टॉर्च चित्रांवर मारू नका, आणि दमलात तरी भिंतीला टेकू नका. तो रंग एकोणिसाव्या शतकातला आहे आणि परत लावून द्यायला महाराज येणार नाहीत.