न फोडता

नाना कुणाकडे चहाला गेले की हात धुवायच्या निमित्तानं बाथरूममध्ये शिरतात आणि भिंतीवर टिचक्या मारतात. टक्, टक्, टक्... मग एखाद्या जागी डब्ब. बाहेर येऊन यजमानांना "पोकळ आहे" म्हणून सांगताना त्यांचा चेहरा एक्स-रे बघून आलेल्या डॉक्टरसारखा असतो.

हे नाना कोथरूडला सापडतात, डोंबिवलीत सापडतात, नाशकातही असतात. बँकेतून निवृत्त, फ्लॅट १९८० नंतरच्या दशकातला, लिफ्ट नाही. बाथरूमला पांढऱ्या सहा बाय सहाच्या टाइल्स, त्याही तेव्हाच्या रीतीनं चार फुटांपर्यंतच. सुनेला त्या छतापर्यंत हव्यात. नानांची ना नाही. अट एकच: फोडायचं नाही.

यामागे हिशोब आहे. फोडायची मजुरी वेगळी. राडारोडा पोत्यांत भरून तीन मजले उतरवायचा, वर टेम्पो. बांधकामाच्या कचऱ्याच्या २०१६ च्या नियमांनंतर तो नदीकाठी गुपचूप ओतायची सोयही उरलेली नाही (तशी ती आधीही नसावी, पण नदीकाठ बघितला की शंका येते). शिवाय हातोड्याच्या हादऱ्यानं आतला जुना पाइप फुटला, तर खालच्या मजल्यावरच्या काकू सोसायटीच्या सभेत बोलायला उभ्या राहणार. त्यापेक्षा जुन्या टाइल्सवरच गिलावा मारावा, त्यावर नव्या टाइल्स. झालं!

"काका, काचेवर माल धरत नाही," गवंडी म्हणतो.

त्याचं खरं आहे. टाइलची चकाकी पाणी पीत नाही आणि खडबडीतही नसते. गिलाव्याला तर धरायला दोन्ही लागतं. म्हणून आधी पोकळ टाइल्स काढायच्या, उरलेल्या साबणाचा थर जाईपर्यंत घासायच्या, छिन्नीनं टाचे मारायचे, वर बाँडिंग कोट. "टाचे म्हणजे फोडणंच की हो मिस्त्री, फक्त हप्त्याहप्त्यानं!" नाना म्हणतात. गवंडी थापीनं डोकं खाजवतो.

नाना अडाणी नाहीत, ही खरी पंचाईत. टाइल चिकटवायच्या मसाल्याचं भारतीय मानक आयएस १५४७७ आहे आणि २०१९ मध्ये ते सुधारलं, हे त्यांना पाठ आहे. जुनी टाइल पक्की असेल, तर पॉलिमरवाल्या मसाल्यानं नवी टाइल थेट तिच्यावर बसते. म्हणजे नानांचा मूळ मुद्दा चुकीचा नाहीच! मग ते त्या मसाल्याच्या गोणीची किंमत विचारतात आणि निमूटपणे वाळू-सिमेंटकडे वळतात.

पंधरा मिलिमीटरचा गिलावा चौरस मीटरला साधारण तीस किलो भरतो. चार बाय सहा फुटांच्या बाथरूममध्ये जुन्या टाइल्सचा भाग सात चौरस मीटर धरला, तरी दोनशे किलोंच्या वर जातं. नानांच्या वजनाची तीन माणसं, नुसत्या चकाकीला धरून उभी.

हे गणित नानांनी घातलेलं नाही. टाचे न मारताच गिलावा होतो. सात दिवस सकाळ-संध्याकाळ नाना स्वतः मगानं पाणी मारतात, नातवालासुद्धा हात लावू देत नाहीत. नव्या टाइल्स लागल्यावर समोरासमोरच्या भिंती मिळून दोन इंच आत आलेल्या असतात, नळाची मान भिंतीत गेलेली असते आणि दाराची चौकट खड्ड्यातून डोकावते. "जरा आटोपशीर झालं," नाना सांगतात. पुढचा महिनाभर येईल त्या पाहुण्याला चहाआधी बाथरूम दाखवलं जातं.

मग पावसाळ्यात, रात्री अडीचला, धाडकन आवाज.

सगळं घर धावतं. शॉवरखालची आख्खी भिंत, नवी टाइल आणि तिच्यामागचा गिलावा मिळून, बादलीवर आडवी. सून काही बोलत नाही, मुलगा राडारोड्याची पोती मोजू लागतो. नाना मात्र चष्मा लावून भिंतीपाशी जातात. आतल्या पांढऱ्या सहा बाय सहा जशाच्या तशा, लखलखीत. ते एकेकीवर टिचकी मारतात. टक्, टक्, टक्.

"बघा," ते वळून म्हणतात, "एक तरी हलली का?"